दुसऱ्याच्या अक्षरातलं घनमूळ

नववीच्या थंडीत माझा उजवा हात गेला. गेला म्हणजे तुटून पडला नाही, जागेवरच आहे. पण कोपरापासून खाली त्याचं आणि माझं बोलणं बंद झालं. मी आणि आई पालमला मामाकडे गेलो होतो. परत ताडकळसला येताना बसमध्ये खिडकीची जागा मिळाली म्हणून मी खुशीत होते आणि कोपर बाहेर काढून बसले होते. हात बाहेर काढू नये असं खिडकीखाली लिहिलेलं असतं, आणि मला चांगलं वाचता येत होतं. समोरून उसाची ट्रॉली आली. त्यानंतरचा आवाज मला आठवतो, दुखल्याचं तेवढं आठवत नाही.

परभणीला ऑपरेशन झालं. हाड जुळलं, पण नस दुखावली होती. डॉक्टर दर खेपेला टाचणी घेऊन बोटांवर टोचायचे.

"इथं कळतंय?"

"न्हाई."

"आणि इथं?"

"न्हाई."

"येईल हळूहळू. नस आहे ती, तिच्या मनानं येणार," असं म्हणून ते पुढच्या पेशंटला हाक मारायचे. आई बाहेर येऊन पदर डोळ्यांना लावायची. अप्पा, म्हणजे माझे वडील, भिंतीवरचं मधुमेहाचं पोस्टर पुन्हा एकदा पहिल्यापासून वाचायला घ्यायचे. मी रडत नव्हते, म्हणून नातेवाइकांनी मला धीराची पोरगी ठरवून टाकलं. धीर वगैरे काही नव्हतं. मला कशाचंच काही वाटत नव्हतं. टाचणीला द्यायचे तेच उत्तर मी सगळ्यांना द्यायला लागले होते. भूक लागली का? न्हाई. दुखतंय का? न्हाई. मैत्रिणी आल्यात, बाहेर येतीस का? न्हाई.

आम्ही लिंगायत, आमच्याकडे सकाळी आंघोळ झाली की गळ्यातलं लिंग सोडून डाव्या तळहातावर घ्यायचं आणि उजव्या हातानं भस्म लावायचं, बेलपान वाहायचं. ही सवय अगदी लहानपणापासूनची. डावा हात धड होता, त्यामुळे लिंग व्यवस्थित बसायचं. पण आई उजव्या बोटांत बेलपान अडकवून द्यायची, ते तिथं आहे की सुटलंय ते डोळ्यांनी बघितल्याशिवाय मला समजायचं नाही. मी डोळे मिटून हात पुढे न्यायचे आणि शेजारी बसलेली आई हळूच म्हणायची, "पान खाली पडलंय गं." मग ती दुसरं पान अडकवायची. देवावर राग धरावा, एवढंसुद्धा मला तेव्हा सुचलं नाही.

अप्पांचं बाजारपेठेत कापडाचं दुकान. एका दुपारी दुकानातून जेवायला आले, हात धुतले आणि पाटावर बसता बसता म्हणाले, "यंदा घरी बस. हात बरा होऊ दे. पुढच्या साली बघू."

ते रागानं म्हणाले असते तर बरं झालं असतं. अगदी मायेनं म्हणाले. पण पुढच्या साली बघू म्हणजे काय ते घरात सगळ्यांना माहीत होतं. माझी चुलतबहीण काविळीच्या निमित्तानं एक वर्ष घरी बसली होती. पुढच्या साली तिचं जे बघायचं ते बघितलं, आणि आता ती बोरीला सासरी होती. तिचं काही वाईट झालं नाही, दोन म्हशी आहेत, नवरा चांगला आहे. फक्त शाळेचा विषय निघाला की ती उठून आत जाते.

आई कधी अप्पांसमोर आवाज चढवत नाही. त्या दिवशी तिनं भाकरी तव्यावरच ठेवली आणि म्हणाली, "बसणार न्हाई ती." भाकरी करपली तरी ती तिथंच उभी राहिली. शेवटी अप्पांनी ताटाकडे बघत सांगितलं, "बरं. नववी पास झाली तर जाऊ द्या दहावीला. न्हाई झाली तर मग माझं ऐकायचं."

मला स्वतःला दहावीला जायचं होतं का? खरं सांगायचं तर तेही कळत नव्हतं. एवढं मात्र पक्कं दिसत होतं, की घरी बसले तर येणारा प्रत्येक पाहुणा माझी बोटं दाबून कळतंय का विचारणार आणि मी बाजेवर बसून न्हाई म्हणत राहणार. मी हळूहळू सगळीच त्या हातासारखी होऊन जाणार होते. म्हणून मी आईच्या बाजूनं झाले.

डाव्या हातानं लिहून बघितलं. वर्गातल्या पोरी म्हणाल्या, तुझ्यासारख्या हुशार मुलीला तो डाव्या हातचा मळ आहे. त्यांना चिडवायचं होतं की समजूत घालायची होती, कोण जाणे. एक ओळ लिहायला इतका वेळ लागायचा की ओळीच्या शेवटी पोचेपर्यंत सुरुवात काय होती ते विसरायला व्हायचं. मग हेडमास्तर म्हणाले, लेखनिक घेता येईल. एका इयत्तेनं खालच्या वर्गातली मुलगी शेजारी बसेल, मी सांगेन ते ती लिहील. जसं सांगितलं तसंच, कमी नाही न् जास्त नाही. तिनं सुचवायचं नाही, दुरुस्त करायचं नाही. फार तर लिहिलेलं वाचून दाखवायचं, तेही मी म्हटलं तर.

इतिहास-भूगोलाची मला काळजी नव्हती. ते विषय आम्ही तोंडानंच शिकलेले असतो. गणिताच्या सरांनी मात्र कपाळाला हात लावला.

"गणित काय तोंडानं सांगायची गोष्ट हाय का? भूमितीची आकृती काय गाऊन दाखवणार हायेस?"

मी डाव्या हातानं वही मिटली. तेव्हा ते जरा नरमले आणि म्हणाले, "आठवीत एक पोरगी हाय. अक्षर लय चांगलं. शिवाय आठवीला घनमूळ यंदाच शिकवलंय, म्हंजे चिन्ह काढता येतं तिला."

ती पोरगी बाजारतळाच्या मागे राहायची. घरची थोडी कोरडवाहू शेती, आईबाप दोघंही दुसऱ्याच्या रानात कामाला जाणारे. दोन घट्ट वेण्या, दप्तरात नेहमी एक लाकडी पट्टी. ती पट्टी कुणाला द्यायची नाही, अगदी मागितली तरी. शाळा सुटली की ती आमच्याकडे यायची. आई आधी तिच्यापुढे मुरमुऱ्यांची सुशीला ठेवायची, ती सगळी खायची, हात धुऊन परकराला पुसायची आणि मग पेन उघडायची. मी तिच्याहून एकाच वर्षानं मोठी, तरी ती मला ताई आणि तुमी म्हणायची.

पहिल्याच दिवशी मला कळलं की मला गणित येत नाही.

हे मला फार चमत्कारिक वाटलं, कारण माझे गणितात चांगले मार्क असायचे. पण ते गणित हाताला येत होतं. हात उभी रेघ मारायचा, डावीकडे भाजक लिहायचा, उजवीकडे संख्या उतरवत जायचा, अवयवांच्या तीन-तीनच्या जुड्यांना गोल करायचा, प्रत्येक गोलातला एक उचलून बाहेर मांडायचा. मी नुसती बघत असायचे. आता तेच सगळं शब्दांत सांगायचं म्हटल्यावर मला शब्दच सापडेनात.

"उभी रेघ मार. डावीकडे तीन लिही. उजवीकडे सत्तावीस. न्हाई, आधी सत्तावीस, मग तीन. थांब, कुठं लिहिलंस?"

"तुमी म्हनलात तिथंच."

सत्तावीसचं घनमूळ तीन हे मला झोपेतसुद्धा सांगता आलं असतं. पण नुसतं उत्तर सांगून मार्क मिळत नाहीत, पायऱ्या लागतात. आणि पायऱ्या सांगताना मधेच मी हरवायचे. पूर्ण संख्या असली तर कशीबशी पार पडायची. अपूर्णांक आला की घोटाळा. सर म्हणायचे, अंशाचं घनमूळ वेगळं काढा, छेदाचं वेगळं काढा, वर एक खाली एक, झालं. पूर्वी वरचं संपलं की हात आपोआप खाली जायचा. आता वरचं संपलं की माझ्या डोक्यात ते गणितच संपायचं. सत्तावीस छेद चौसष्ट असं असेल, तर मी तीन काढायचे, आणि हुश्श करून सांगायचे, "उत्तर तीन छेद चौसष्ट."

"ताई, खालचं ऱ्हायलं की," ती लगेच म्हणायची.

"हां हां. चौसष्टचं चार. तीन छेद चार लिही."

पुढच्या गणितात पुन्हा तेच. सातशे एकोणतीसचं नऊ काढायचे, खालचा हजार तसाच. "ताई, खालचं ऱ्हायलं." तिनं म्हणायचं, मी सुधारायचं, असं आमचं छान जमून गेलं. गणितं भराभर सुटायला लागली. आई दारातून बघायची आणि अप्पांना ऐकू जाईल अशा आवाजात शेजारणीला सांगायची, "चांगलं जमायलंय की पोरीला." मलाही वाटायला लागलं होतं की जमतंय.

परीक्षा जवळ आली तेव्हा एका संध्याकाळी सर तयारी बघायला घरी आले. अप्पांनी त्यांच्यासाठी खुर्ची मागवली. मी दोन गणितं सांगितली, दोन्ही वेळा ती म्हणाली, खालचं ऱ्हायलं. सरांनी चहाचा कप बशीत ठेवला.

"हे काय चालू हाय? ही परीक्षेत असं बोलली तर तुझा पेपरच रद्द होतोय. कळतंय का?"

आम्ही दोघी एकमेकींकडे बघत राहिलो. नियम दोघींनाही पाठ होता. पण सरावात सुचवायचं नाही, हे दोघींच्याही डोक्यात कधी आलंच नव्हतं. मी माझा छेद चक्क तिच्याकडे ठेवायला दिला होता.

सरांनी तिला तंबी दिली. आजपासून तोंड बंद, चूक दिसली तरी लिहायचं. मग तिच्या चेहऱ्याकडे बघून म्हणाले, "आन् डोळ्यांनी पन बोलायचं न्हाई." कारण मी खालचं विसरले की तिची नजर आपोआप त्या आकड्यावर जाऊन बसायची. त्यानंतरचे दिवस वाईट गेले. ती वेणीचं टोक दातांत धरून बसायची. मी चुकले की चेहरा लाल व्हायचा, मान खाली जायची, पण बोलायची नाही. नंतर नंतर चेहरा लाल व्हायचाही थांबला. मी बरोबर सांगो, चूक सांगो, ती सारख्याच वेगानं लिहायची. शेवटच्या दिवशी तिच्याकडे बघून मला काहीही ओळखता आलं नाही. सर म्हणाले, "शाब्बास." ते तिला म्हणाले होते.

परीक्षेला आम्हाला प्रयोगशाळेत वेगळं बसवलं. तिचा स्वतःचा पेपर दुपारी असायचा, माझा सकाळी. लक्ष ठेवायला मराठीच्या बाई होत्या. बाईंना गणितातलं काही समजत नाही म्हणूनच त्यांना नेमलं असणार. त्या दाराशी बसून स्वेटर विणत होत्या, एप्रिलमध्ये.

सुरुवातीची गणितं बरी गेली. दोन ठिकाणी मी छेद विसरले आणि स्वतःच आठवून सुधारून घेतलं. त्यामुळे मी जरा सैल झाले असावे. मग करणीच्या प्रकरणात सरांनी एक प्रश्न घातला होता, पंधरा पूर्णांक पाच छेद आठ याचं घनमूळ काढा. पोरं पंधराचं घनमूळ वेगळं काढायला जातात आणि अडकतात, म्हणून मुद्दाम घातलेला. मी अडकले नाही. मला त्याचा आनंदच झाला.

"पंधरा आठे एकशेवीस. त्यात पाच मिळव, एकशे पंचवीस. आता लिही, एकशे पंचवीस छेद आठ. घनमुळाचं चिन्ह काढ, दोन्हीला पुरेल असं मोठं. बाजूला उभी रेघ मार. एकशे पंचवीसला पाचनं भाग, पंचवीस. पुन्हा पाचनं, पाच. पुन्हा पाचनं, एक. तीन पाच आले, त्यांना गोल कर. घनमूळ पाच."

तिनं गोल केला.

"उत्तर, पाच छेद आठ. खाली रेघ मार."

आठाचं घनमूळ दोन. उत्तर पाच छेद दोन, म्हणजे अडीच. हे मला त्या क्षणी दिसलं नाही. तिनं पाच लिहिला, आडवी रेघ दिली, खाली आठ लिहिला, आणि आपली लाकडी पट्टी ठेवून उत्तराखाली सरळ रेघ ओढली. पेन कुठं अडखळलं नाही. मी तिच्याकडे बघितलं. ती पुढचं ऐकायला तयार बसली होती. मी पुढचा प्रश्न वाचायला घेतला.

पेपर सुटल्यावर मैदानात पोरी उत्तरं ताडून बघत होत्या. "अडीच आलं ना तुझं?" एकीनं दुसरीला विचारलं, आणि माझ्या लक्षात आलं. मी वळून बघितलं तर माझी लेखनिक पाण्याच्या टाकीशी ओंजळीनं पाणी पीत होती. तिचा दुपारचा पेपर होता, ती वर्गात गेली. चूक कळल्यावर वाईट वाटायला पाहिजे होतं, ते वाटलं नाही. एवढंच वाटलं, की बहुतेक घरी बसायचं.

निकालात मी पास झाले. गणितात अगदी काठावर, पण झाले. आईनं शेजारी पेढे वाटले. अप्पांनी माझी गुणपत्रिका दुकानात नेऊन येणाऱ्या-जाणाऱ्याला दाखवली, आणि एकदाही पुढच्या सालीची भाषा केली नाही. दिलेला शब्द त्यांनी पाळला. सगळे आनंदात होते आणि मी त्यांच्यात बसून पेढा खात होते. गोड लागत होता. त्यापलीकडे काही नाही.

जूनमध्ये दहावीचे वर्ग सुरू झाले. हाताची दोन बोटं थोडी वळायला लागली होती, पण पेन धरवत नव्हतं. बोर्डाच्या परीक्षेला पुन्हा लेखनिक लागणार होता, एका इयत्तेनं खालचा. ती आता नववीत असणार, म्हणजे नियमात बसत होती. पण शाळेत ती दिसेना. हेडमास्तरांना विचारलं तर म्हणाले, "जाऊन आलो तिच्या घरी. बघतो म्हणाले." ते त्यांनी ज्या आवाजात सांगितलं, तो आवाज माझ्या ओळखीचा होता.

एका रविवारी मी स्वतः गेले. बाजारतळाच्या मागे त्यांचं पत्र्याचं घर, समोर मोरी. ती मोरीपाशी उकिडवी बसून राखेनं भांडी घासत होती. मला बघून घाईघाईनं हात धुवायला लागली. तिची आई रानात निघायच्या तयारीत होती, डोक्याला फडकं बांधत होती. मला ओट्यावर पोतं टाकून बसायला दिलं, हाताची चौकशी केली.

मी म्हटलं, "शाळेत दिसली न्हाई, म्हणून आले."

"थोरलीचं लगीन झालं की बाय उन्हाळ्यात," तिची आई म्हणाली. "ती होती तवर घरचं बघायची. आता आमी दोघं बी निंदायला जायलोत, ल्हान्या दोघांला कोन बघंल? ल्हानी जरा मोठी झाली की बघू पुढच्या साली."

तिनं हे मायेनंच सांगितलं. पोरीच्या डोक्यावरून हात फिरवला, मला चहा घेतल्याशिवाय जाऊ नको म्हणाली आणि विळा-खुरपं घेऊन गेली. माझ्यासाठी आई तव्यापाशी उभी राहिली होती, हेडमास्तरांनी नियम शोधून काढला होता, सर घरी येऊन बसले होते, आणि ही रोज शाळा सुटल्यावर पायी येऊन माझ्यासाठी लिहीत होती. हिच्यासाठी मी आले होते, आणि तेही माझ्याच कामाला.

तिनं चुलीवर चहा ठेवला. धाकट्या भावाला बाजूला सारून माझ्यापुढे कप ठेवला आणि तिथंच खाली बसली.

"ताई, एक सांगू का?"

"सांग."

"त्ये पंधरा पूर्णांकाचं अडीच होतं."

"माहीत आहे मला. बाहेर आल्यावर कळलं."

"न्हाई, तसं न्हाई." ती परकराच्या काठाशी चाळा करत होती. "मला तवाच येत होतं. तुमी आठ म्हनलात तवाच. लिव्हताना मनात म्हनत होते, दोन म्हना, दोन म्हना. पर सरांनी सांगितलं होतं ना."

मला लाज वाटली. अपघात झाल्यापासून मला पहिल्यांदा काही वाटलं ते हे, आणि ते एवढं जोरात वाटलं की चहा हातात तसाच राहिला. मला तिला सांगायचं होतं की तू चुकली नाहीस. मी नुसता कप खाली ठेवला.

ती माझ्याकडे बघत होती. माझी लाज तिला दिसली नसावी, कारण तिनं अगदी सहज विचारलं, "नववीत असलीच असत्यात का गणितं? का लय अवघड असत्यात?"

"असलीच असतात," मी म्हणाले. "तुला आली असती."